जुन्या हॉलिवूडमधल्या छोट्या नटीचा सातबारा कसा काढायचा

मागच्या जुलैत देवगडात चार दिवस नुसता पाऊस, लाइट येऊन जाऊन, म्हणून मोबाइलवर आधीच उतरवून ठेवलेला 'डी. ओ. ए.' बघत बसलो होतो. १९५० च्या सुमाराचा ब्लॅक अँड व्हाइट पिक्चर, विष दिलेला माणूस मरायच्या आधी स्वतःचाच खुनी शोधत फिरतो. त्यात एका ऑफिसातली सेक्रेटरी आहे, मिस फॉस्टर, काम छोटंसंच. आई बाजूला आठळ्या सोलत होती, स्क्रीनकडे बघून म्हणाली, "ता चेडू कोणाचा रे?" (म्हणजे ती पोरगी कोण) आणि मला सांगता येईना. तेव्हापासून हा नाद लागला, तर कसं शोधायचं ते सांगतो.

पहिलं काम, टायटल्स पळवू नका. त्या काळात नावं बहुतेक सुरुवातीलाच यायची, शेवटी नुसतं 'द एंड'. तिथे हिचं नाव मिळालं बेव्हर्ली कॅम्पबेल, पण त्या नावाने शोधून हाताला फार काही लागेना. इथे कोकणी माणसाचा अनुभव कामाला येतो, कारण आपण सातबाऱ्यावर आजीचं माहेरचं नाव, सासरचं नाव, कुठे नुसतं 'बाई' असं लिहिलेलं जुळवत फेरफार काढलेले असतात, इथेही तेच करायचं. ही जन्माची बेव्हर्ली फेसेंडन, १९२६, सांताक्रूझ (आपलं मुंबईतलं नव्हे, कॅलिफोर्नियातलं). पहिल्या लग्नानंतर कॅम्पबेल, मग रिचर्ड गार्लंड नावाच्या नटाशी लग्न केलं म्हणून बेव्हर्ली गार्लंड, तो संसार मोडला तरी नाव तेच ठेवलं आणि तिसऱ्या लग्नानंतरही बदललं नाही. म्हणजे नटीचं काम शोधताना आधी लग्नं शोधा, हे ऐकायला वाईट वाटतं पण त्या काळच्या बायकांच्या बाबतीत इलाज नाही.

नाव लागलं की आयएमडीबी या कलाकारांच्या कामांच्या याद्या देणाऱ्या साइटवर जा, पण ती लांबलचक यादी बघून घाबरू नका आणि तिच्यावर डोळे झाकून विश्वासही ठेवू नका, लोकांनीच भरलेली आहे ती. मी वहीत दोन रकाने करतो, पिक्चर आणि टीव्ही, आणि वर्ष लिहून समोरासमोर ठेवतो. मग खरी गंमत दिसते. १९५० च्या दशकात तिकडे एका मालिकेचे वर्षाला ३९ भाग निघायचे, दर आठवड्याला नवा पाहुणा कलाकार लागायचा, त्यामुळे पिक्चरचा रकाना सुकलेला दिसला तरी बाई घरी बसलेली नसायची. हिला 'मेडिक' मालिकेतल्या ल्युकेमिया झालेल्या गरोदर बाईच्या कामासाठी एमी या टीव्हीच्या पुरस्काराचं नामांकन होतं. आणि १९५७ मध्ये 'डिकॉय', न्यूयॉर्कची महिला पोलीस, पूर्ण ३९ भाग हीच नायिका. महिला पोलिसाभोवती फिरणारी ती अमेरिकेतली पहिली टीव्ही मालिका, आणि आपण हिला छोटी म्हणतोय!

स्वस्तातले पिक्चर गाळू नका. दिग्दर्शक रॉजर कॉर्मनचा 'गनस्लिंगर' (१९५६) सहा दिवसांत उरकलेला, तोही पावसात, यात ही नवरा मेल्यावर त्याचा बिल्ला लावून मार्शल, म्हणजे गावची पोलीस अधिकारी होते. पिक्चर तसा टुकारच आहे पण हिला बघा.

बघायचं कुठे, तर इंटरनेट आर्काइव्ह या फुकट साइटवर. अमेरिकेत १९६४ च्या आधीच्या पिक्चरचा कॉपीराइट २८ वर्षांनी रिन्यू करावा लागायचा, ज्यांनी केला नाही त्यांचा सगळ्यांसाठी मोकळा झाला, 'डी. ओ. ए.' तसाच. पण साइटवर दिसतंय म्हणजे मोकळंच असेल असं धरू नका. आणि उतरवायचं ते पहाटे, रेंज असते तेव्हा.

जुनी सिनेमासिकं बघायची तर 'लँटर्न' नावाचं फुकट सर्च आहे, मिडिया हिस्टरी डिजिटल लायब्ररीचं. नाव अवतरणचिन्हात टाका, वर्ष ठरवून घ्या, आणि स्कॅनमध्ये अक्षरं चुकतात म्हणून नुसतं आडनावही टाकून बघा. मात्र त्यातल्या गप्पा बऱ्याचदा स्टुडिओनेच पुरवलेल्या असायच्या, वय तर अजिबात खरं धरू नका. माझा नियम असा की तारीख मासिकातून घ्यायची, कौतुक स्वतः बघून करायचं.

एक अडचण राहिली. हिने आणि तिसऱ्या नवऱ्याने नॉर्थ हॉलिवूडमध्ये १९७२ ला हॉटेल काढलं, पुढे त्याला हिचंच नाव लागलं, त्यामुळे गुगलवर नाव टाकलं की खोल्यांचे भाडे आणि स्विमिंग पूलच येतात. तर नावानंतर हॉटेल हा शब्द इंग्रजीत टाका आणि त्या शब्दाला चिकटून आधी वजाचं चिन्ह लावा, किंवा नावाबरोबर 'डिकॉय' टाका, बाई लगेच सापडते.