एसएसपीवर शिष्यवृत्तीचा अर्ज: आधी नावं जुळवा, मग फॉर्म भरा

कोल्हापूरच्या मावसभावानं महाराष्ट्र सरकारच्या महाडीबीटी पोर्टलची लिंक पाठवली म्हणून तिथं अर्ज भरत बसू नका. तिथल्या शिष्यवृत्त्यांना महाराष्ट्राचा अधिवास दाखला लागतो. बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडीत राहून इथल्याच कॉलेजात शिकत असाल तर तुमची जागा कर्नाटकच्या स्टेट स्कॉलरशिप पोर्टलवर, म्हणजे एसएसपीवर आहे. पीयूसीपासून (अकरावी-बारावी) पुढच्या सगळ्या शिक्षणासाठी त्यात ‘पोस्ट मॅट्रिक’ हा भाग असतो. समाज कल्याण, मागासवर्ग कल्याण, अल्पसंख्याक अशा वेगवेगळ्या खात्यांच्या योजना तिथं एकाच अर्जात येतात.

कागद हाताशी असले तर फॉर्म भरायला अर्धा तासही लागत नाही. अर्ज अडकतात ते नावांमुळे आणि बँक खात्यामुळे. म्हणून सुरुवात तिथून करा.

नाव सगळीकडे एकच हवं

दहावीचं मार्क्स कार्ड, आधार, जात-उत्पन्नाचा दाखला आणि बँक पासबुक शेजारी शेजारी ठेवा आणि इंग्रजी स्पेलिंग अक्षर-अक्षर ताडून पाहा. आपल्या भागात हे काम जास्त किचकट आहे, कारण एकच नाव मराठी, कन्नड आणि इंग्रजी अशा तीन वाटांनी फिरतं. ज्ञानेश्वरचंच घ्या. मराठी शाळेत त्याचं स्पेलिंग डी-एन-वाय नं सुरू होतं, कन्नडवरून इंग्रजीत उतरवणारा ते जे-एन नं सुरू करतो, तर आधार केंद्रावरचा मुलगा कानावर पडलं तसं जी-वाय लिहितो. तिन्ही कागद खरे असतात, तरी संगणकाला ती तीन वेगळी माणसं वाटतात. आडनाव एका ठिकाणी आधी आणि दुसरीकडे शेवटी, वडिलांचं नाव कुठं पूर्ण तर कुठं नुसतं आद्याक्षर, हेही नेहमीचंच.

दुरुस्ती कशात करायची? मार्क्स कार्ड प्रमाण धरा आणि आधार त्याप्रमाणे करून घ्या. मार्क्स कार्ड बदलायचं म्हणजे शाळा आणि बोर्ड असे हेलपाटे होतात, त्या मानानं आधार सोपं. पण आधारवर नाव आयुष्यात दोनदाच बदलता येतं आणि जन्मतारीख एकदाच, तेव्हा पावतीवरचं स्पेलिंग वाचल्याशिवाय केंद्रावरून हलू नका. आधार दुरुस्त झाल्यावरच दाखला काढा. उलट क्रमानं गेलात तर दाखला पुन्हा काढावा लागतो.

आरडी नंबर

जात आणि उत्पन्नाचा दाखला नाडकचेरीतून, म्हणजे तहसीलदाराच्या हाताखालच्या स्थानिक महसूल कचेरीतून मिळतो. अर्ज ‘ग्राम वन’ या गावातल्या सरकारी सेवा केंद्रातून किंवा ऑनलाइनही करता येतो. तो तलाठी आणि आर.आय. (महसूल निरीक्षक) यांच्याकडून वर जातो, त्यामुळे कॉलेज प्रवेशाच्या गर्दीत आठ-पंधरा दिवस गृहीत धरा. दाखल्यावर ‘आरडी’ आणि पुढं १३ आकडे असा नंबर असतो. एसएसपीवर दाखला नव्हे, हा नंबर द्यायचा असतो. पोर्टल माहिती थेट ओढून घेतं. जुना, हाताने लिहिलेला किंवा शिक्क्याचा दाखला इथं कामाचा नाही.

अनुसूचित जाती-जमाती आणि प्रवर्ग १ यांचे जातीचा आणि उत्पन्नाचा असे दोन वेगळे दाखले, म्हणून दोन आरडी नंबर. २ए, ३ए, ३बी या मागास प्रवर्गांचा दोन्हींचा मिळून एकच दाखला निघतो आणि तो पाच वर्षं चालतो. कर्नाटकात मराठा समाज ३बी मध्ये आहे. शेजारच्या राज्यातलं आरक्षण इथं डोक्यात आणू नका. जुना दाखला असेल तर तारीख बघा, कारण पीयूसीला काढलेला दाखला पदवी संपता संपता, लांब कोर्स असेल तर मध्येच संपू शकतो.

उत्पन्नाची मर्यादा प्रवर्गाप्रमाणे वेगळी आहे. अनुसूचित जाती-जमातींच्या केंद्र पुरस्कृत पोस्ट मॅट्रिक योजनेला ती वर्षाला अडीच लाख रुपये. बाकीच्यांनी त्या वर्षीच्या आदेशातला आकडा बघावा.

पैसे आधारवर येतात, खाते नंबरवर नाही

हे नीट समजून घ्या, कारण ‘मंजूर झालं पण पैसे आले नाहीत’ यातले बरेच घोळ इथले असतात. पैसे विद्यार्थ्याचं आधार ज्या बँकेशी एनपीसीआयकडे (बँकांमधले व्यवहार जोडणारी राष्ट्रीय संस्था) जोडलेलं आहे, तिकडे जातात. बँकेत केवायसीला आधारची झेरॉक्स दिली म्हणजे ही जोडणी झाली असं नाही. बँकेत ‘डीबीटीसाठी (सरकारी पैसे थेट खात्यात येण्यासाठी) आधार सीडिंग’ असं स्पष्ट म्हणून वेगळा फॉर्म भरा. दोन बँकांत खाती असतील तर ज्या बँकेत शेवटी सीडिंग केलं, तिथंच पैसे पडतात.

तपासायला मायआधार संकेतस्थळावर ‘बँक सीडिंग स्टेटस’ बघा, किंवा मोबाइलवरून *९९*९९*१# लावा. खातं विद्यार्थ्याच्याच नावाचं हवं, आईवडिलांचं नव्हे. पतसंस्थेतलं पिग्मीचं खातं तर चालतच नाही, ती बँक नव्हे. आणि शाळेत असताना काढलेल्या खात्यात दोन वर्षं व्यवहार नसेल तर ते निष्क्रिय झालेलं असतं. शंभर रुपये भरून, केवायसी देऊन ते आधी चालू करून घ्या. बँकेत दाद लागत नसेल तर पोस्टाच्या पेमेंट्स बँकेत खातं काढणं हा सोपा मार्ग.

आता अर्ज

१. पोर्टलवर खातं तयार करा. आधार नंबर, आधारवर आहे तसंच नाव, मग ओटीपी. आधारला जोडलेला मोबाइल घरात ज्याच्याकडे असेल त्याला जवळ बसवा. बाप शेतात आणि ओटीपी त्याच्या फोनवर, असं नको. मिळालेला एसएसपी आयडी आणि पासवर्ड वहीत लिहा, पुढच्या वर्षी हाच लागतो.

२. मार्क्स कार्ड, फी पावती असे जे कागद मागितलेत ते ई-अटेस्टेशनला (ऑनलाइन साक्षांकनाला) अपलोड करा. कॉलेजातले नेमलेले अधिकारी ते तपासून मान्य करतात, मग एक आयडी मिळतो. तो अर्जात टाकायचा असतो. कॉलेजनं मान्य केल्याशिवाय हा आयडी निघत नाही, म्हणून अपलोड केल्यावर ऑफिसात जाऊन सांगा. शेवटच्या आठवड्यात तिथं रांग असते.

३. शिक्षणाची माहिती भरा. पीयूसीवाल्यांना सॅट्स नंबर (शिक्षण खात्याच्या नोंदीतला विद्यार्थ्याचा नंबर), पदवीवाल्यांना विद्यापीठाचा रजिस्टर नंबर. राणी चन्नम्मा विद्यापीठाच्या कॉलेजांत तो यूयूसीएमएस या विद्यापीठांच्या पोर्टलवर दिसतो. सीट सरकारी कोट्यातली की मॅनेजमेंटची, हे प्रवेशपत्र बघूनच निवडा, कारण फी परतावा त्यावर ठरतो.

४. वसतिगृहात आहात की नाही हे खरं लिहा. इतर मागास प्रवर्गातल्या, सरकारी वसतिगृह न मिळालेल्या आणि गाव सोडून शिकणाऱ्या मुलांना ‘विद्यासिरी’ मधून दरमहा मदत मिळते. सुरुवातीचा दर महिना १,५०० रुपये, दहा महिन्यांचे १५,००० असा होता; आताचा आकडा त्या वर्षीच्या आदेशात बघा. वसतिगृहाचा अर्ज मात्र वेगळ्या पोर्टलवर असतो.

५. ‘ड्राफ्ट’ म्हणजे अर्ज गेला नव्हे. सबमिट करून पोचपावतीचं प्रिंट काढा आणि एक प्रत कॉलेजात द्या.

शेतकऱ्यांच्या मुलांसाठी

२०२१ मध्ये सुरू झालेली रयत विद्यानिधी ही शिष्यवृत्ती जातीवर नाही, शेतीवर आधारलेली आहे; या वर्षी ती चालू आहे का ते आधी पोर्टलवर बघा. सुरुवातीला ठरलेले दर असे: पीयूसी, आयटीआय, डिप्लोमाला मुलांना २,५००, मुलींना ३,०००; बी.ए., बी.एस्सी., बी.कॉम.ला ५,००० आणि ५,५००. इंजिनिअरिंग, एमबीबीएस आणि पदव्युत्तरला १०,००० आणि ११,०००. यासाठी आई किंवा वडिलांच्या नावे फ्रूट्सचा (कर्नाटकची शेतकरी नोंदणी) एफआयडी, म्हणजे शेतकरी ओळख क्रमांक लागतो. तो रयत संपर्क केंद्रात उतारा, आधार आणि पासबुक दाखवून होतो. खानापूर भागात हमखास अडतं ते इथं: उतारा अजून आजोबांच्या नावावर. तसं असेल तर वारसाचं काम आत्ताच सुरू करा, या वर्षी नाही तरी पुढच्या वर्षी उपयोगी पडेल.

पीयूसीला चांगले गुण असणाऱ्यांनी केंद्राचं नॅशनल स्कॉलरशिप पोर्टलही बघावं. तिथल्या सेंट्रल सेक्टर योजनेत पदवीच्या पहिल्या तीन वर्षांना वर्षाला १२,००० रुपये मिळतात, उत्पन्नमर्यादा साडेचार लाख. आधी ओटीआर, म्हणजे एकदाच करायची नोंदणी करावी लागते, त्यात मोबाइलवर चेहरा दाखवून ओळख पटवायची असते.

अर्ज गेल्यावर पंधरा दिवसांनी एकदा ‘ट्रॅक स्टेटस’ उघडा. अर्ज कॉलेज पातळीवर थांबलेला दिसला तर पोर्टलला दोष देऊ नका, पोचपावती घेऊन थेट ऑफिसात जा. मंजूर दिसून महिना झाला तर डीबीटी कर्नाटक ॲपमध्ये कोणत्या बँकेत पैसे गेले ते दिसतं. कधी कधी ते विसरलेल्या जुन्या खात्यातच जाऊन पडलेले असतात.