साल्साच्या बरणीतून रस गळतो, झाकण सील होत नाही? माझा अनुभव

तिखट साल्सा (टोमॅटो-मिरचीची मेक्सिकन चटणी) टिकवण्यासाठी बरणीत भरून उकळत्या पाण्यात ठेवला की पातेल्यातलं पाणी लालसर, बरणी वरून रिकामी आणि झाकण मधे दाबलं की टकटक, म्हणजे सील नाहीच. झाकणं बदलली, जास्त आवळून पाहिली, उलट जास्तच गळायला लागलं. डोकं फिरलं होतं अक्षरशः.

जमलं ते असं. साल्सा उकळता असतानाच गरम बरणीत भरायचा, वर अर्धा इंच मोकळं, मग लाकडी काडी कडेने फिरवून बुडबुडे काढायचे, पातळी उतरली तर परत भरायचं. काठ ओल्या कागदाने पुसायचा, मिरचीचं एक बी अडकलं तरी सील गेलं. रिंग (झाकण धरून ठेवणारी आट्यांची कडी) फक्त बोटांच्या टोकांनी आवळायची, आतली हवा निघायला वाट हवी ना. झाकणांवर 1 इंच पाणी, सलग उकळी, अर्ध्या लिटरच्या बरणीला 15 मिनिटं (समुद्रसपाटीपासून 1000 फुटांच्या वर राहत असाल तर 20, 6000 च्या वर 25). खरी मेख पुढे आहे: गॅस बंद, पातेल्याचं झाकण काढायचं आणि 5 मिनिटं बरण्यांना हात लावायचा नाही, एकदम बाहेर काढलं की तापमान झपकन उतरतं आणि रस बाहेर येतो. नंतर 12 तास जागेवरच, रिंग परत आवळायची नाही.

लिंबाचा रस मात्र रेसिपीतला थेंबभरही कमी करू नका, मिरची वाढवायची तर सुकी पूड वाढवा.