निळू फुले यांच्यावरील कार्यक्रमाची तयारी

निळू फुले यांच्या अभिनयावर नाशिकमध्ये दोन-अडीच तासांचा कार्यक्रम करायचा असेल, तर सभागृहाची चौकशी करण्याआधी आयोजकांनी एक गोष्ट आपापसांत ठरवून घ्यावी. नक्कलकारांनी घरोघरी पोहोचवलेल्या, बाईला वाड्यावर बोलावणाऱ्या पाटलाला या कार्यक्रमात किती वेळ द्यायचा? माझ्या मते पाच मिनिटे पुष्कळ झाली. त्या पाटलाला प्रेक्षक आधीपासूनच ओळखतात. त्याच्या आड जे राहून गेले, ते समोर आणण्यासाठी हा खटाटोप आहे.

त्यानंतर भूमिकांची यादी करावी, आणि ती आठवणीवर विसंबून करू नये. राष्ट्र सेवा दलाचे कलापथक, पुण्याच्या लष्करी वैद्यकीय महाविद्यालयातील माळीकाम, ‘कथा अकलेच्या कांद्याची’ हे लोकनाट्य आणि १९६८ साली अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’मधून चित्रपटात झालेला प्रवेश, एवढा पूर्वार्ध निवेदनात थोडक्यात सांगता येतो. प्रत्येक नोंदीपुढे वर्ष, दिग्दर्शक आणि पात्राचे नाव लिहावे. ‘सामना’चे वर्ष कुठे १९७४ तर कुठे १९७५ छापलेले आढळते, अशा ठिकाणी एकच आकडा ठामपणे पडद्यावर न टाकता दोन्ही द्यावेत, कारण नाशिकच्या सभागृहात पहिल्या दोन रांगांत बसणारी मंडळी चूक तिथल्या तिथे दाखवून देतात.

सर्वांत अधिक वेळ चित्रफितींच्या निवडीला द्यावा. सनावळीच्या क्रमाने तुकडे लावले की कार्यक्रम चरित्रपटासारखा सरळ पुढे सरकतो आणि नटाचे कसब नजरेतून निसटते. म्हणून तुकडे जोडीने लावावेत. पहिली जोडी उघड आहे: ‘सामना’तील हिंदुराव धोंडे पाटील आणि १९७९च्या ‘सिंहासन’मधील पत्रकार दिगू टिपणीस. दोन्हींचे दिग्दर्शक जब्बार पटेल, दोन्हींची पटकथा विजय तेंडुलकरांची, समोर दोन्हीकडे डॉ. श्रीराम लागू, म्हणजे बाकीचे बरेचसे तेच ठेवून फक्त नटात झालेला बदल पाहण्याची अशी सोय क्वचितच मिळते. हिंदुराव सत्ता वापरतो, तर दिगू ती जवळून पाहतो आणि त्या पाहण्यानेच खचत जातो. हिंदुरावाचे संवाद गाजलेले असल्यामुळे त्याचा तुकडा निवडणे सोपे असते, पण दिगूच्या बाबतीत तो बोलत नसतानाचा, समोरच्याचे ऐकत असतानाचा प्रसंग घ्यावा. दुसऱ्या जोडीसाठी ‘जैत रे जैत’मधील ठाकरवस्तीचा भगत आणि हिंदी ‘सारांश’मधील राजकारणी गजानन चित्रे घेता येतील, इथे भाषाही बदलते, म्हणून आवाजाच्या पट्टीकडे निवेदकाने आधीच लक्ष वेधावे.

रंगभूमीवरील काम दाखवणे अवघड आहे. १९७२ साली कमलाकर सारंग यांनी बसवलेला तेंडुलकरांचा ‘सखाराम बाइंडर’ आणि त्यावरून उच्च न्यायालयापर्यंत गेलेला सेन्सॉरचा वाद यांविषयी सांगण्यासारखे पुष्कळ आहे. मात्र वादाच्या गोष्टीत सखारामची भूमिका हरवू देऊ नये. राज्य नाट्य स्पर्धेत उतरणाऱ्या एखाद्या स्थानिक नटाकडून एक प्रवेश वाचून घ्यावा, लेखकाच्या वारसांची लेखी परवानगी घ्यावी, आणि वाचणाऱ्याला निळूभाऊंची नक्कल न करण्याची स्पष्ट सूचना द्यावी. त्यानंतर लगेच जयवंत दळवींच्या ‘सूर्यास्त’ नाटकातील ध्येयवादी, गांधीवादी अप्पाजींविषयी बोलावे. सखारामनंतर अप्पाजी आले की वेगळे भाष्य करावे लागत नाही.

चित्रफितींच्या जाहीर प्रदर्शनासाठीही हक्कधारकांची परवानगी लागते. जुन्या मराठी चित्रपटांचे हक्क अनेकदा हस्तांतरित झालेले असतात, त्यामुळे पत्रव्यवहार दोन-तीन महिने आधी सुरू करावा.

सभागृहासाठी शालिमारजवळचे महाकवी कालिदास कलामंदिर मोठे आहे, पण अशा कार्यक्रमाला कुसुमाग्रज स्मारकासारखी आटोपशीर जागा अधिक मानवते. स्मृतिदिन १३ जुलैला येतो, आणि त्या सुमारास गंगापूर धरणातून विसर्ग सुरू झाला तर गावाचे निम्मे लक्ष गोदावरीच्या पात्रातल्या दुतोंड्या मारुतीला पाणी कुठवर लागले याकडे असते. तारीख मागेपुढे करण्याची तयारी असावी. पुण्याहून येणाऱ्या वक्त्यांना आदल्या दिवशीच बोलवावे. पडदा, प्रोजेक्टर आणि ध्वनी यांची तपासणी सकाळीच उरकावी, आणि प्रत्येक तुकड्याचा आवाज वेगळा लावून पाहावा, कारण जुन्या प्रतींत तो सारखा नसतो. निवेदकाने दादासाहेब फाळके त्र्यंबकेश्वरचे, हे एका वाक्यात सांगून पुढे जावे; नाशिकमधील चित्रपटविषयक प्रत्येक कार्यक्रमाची पहिली पंधरा मिनिटे त्यातच जातात.

सामाजिक कामाचा उल्लेख टाळू नये, मात्र तो तपशिलाने करावा: सामाजिक कृतज्ञता निधीसाठी डॉ. लागूंसह केलेले ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग, आणि अंधश्रद्धा निर्मूलनाच्या चळवळीला दिलेली साथ. संगीत नाटक अकादमीचा १९९१चा पुरस्कार परिचयपत्रकात छापला की पुरे. शहरात सेवा दलाच्या कलापथकांत काम केलेली वयोवृद्ध मंडळी असतील, तर त्यांना व्यासपीठावर ऐनवेळी न बोलावता आधी घरी जाऊन भेटावे, त्यांची आठवण ध्वनिमुद्रित करावी आणि तिचा निवडक भागच ऐकवावा. चर्चेसाठी शेवटचा अर्धा तास मोकळा ठेवून दोन फिरते माईक मागवावेत, आणि भूमिकांची तपासलेली यादी एका पानावर छापून प्रवेशद्वारापाशीच हातात द्यावी, म्हणजे प्रश्न पाटलापाशी अडकणार नाहीत.