'ह्यूमन फॉल फ्लॅट' या व्हिडिओ गेममध्ये भिंत चढायची खरी मेख

राजारामपुरीतल्या भाच्यानं काल तासभर एकाच भिंतीवरनं गडी पाडला. कड हाताला लागायची, पकड बसायची आणि मग नुसता लोंबकळत राहायचा. चूक बटणांत नव्हती, नजरेत होती. या गेममध्ये तुम्ही बघाल तिकडं हात जातात.

१. भिंतीला चिकटून उभं राहा, माऊसनं नजर वर न्या.
२. माऊसची दोन्ही बटणं दाबून धरा (डावं म्हणजे डावा हात, उजवं म्हणजे उजवा) आणि उडी मारा.
३. कड सापडली की बटणं सोडायची नाहीत. पुढं जायचं बटण दाबून ठेवा आणि माऊस सावकाश खाली ओढा. हात खाली रेटतात, अंग वर येतं. पंचगंगेत पोहून घाटाच्या पायरीवर आपण असंच चढतो की!
४. छाती कडेवर आली की मगच हात सोडा.

भिंत लईच उंच असेल तर जवळपासचं खोकं ओढत आणा, त्यावरनं चढा.

एक जपा: अडकलात तर मेन्यूतनं शेवटचा चेकपॉइंट (वाटेत गेमनं जपून ठेवलेला टप्पा) लोड करा. घाईत लेव्हल रीस्टार्ट दाबलंत तर सगळं पहिल्यापासनं. भाच्यानं तेही केलं.