नवरदेवाचा फेटा कसा बांधावा: दिवसभर टिकणारा, डोकं न दुखवणारा

आमच्या यवतमाळकडे लग्नं लागतात ती एप्रिल-मे महिन्यात. तूर-कापूस विकून झालेला असतो, शेतं मोकळी असतात आणि पारा 45 अंशांच्या आसपास घुटमळत असतो. पत्रिकेत मुहूर्त अकरा पस्तीसचा छापलेला, अक्षता पडतात दोन वाजता. जानोशावर, म्हणजे वऱ्हाड उतरतं त्या जागी, सकाळी नऊला नवरदेवाच्या डोक्यावर फेटा चढला की तो बिदाई होईपर्यंत उतरत नाही. त्या सात-आठ तासांत तो पोरगा घोड्यावर बसतो, मारुतीच्या देवळात वाकतो, होमाच्या धगीसमोर बसतो आणि पन्नास-साठ जणांच्या पाया पडतो. फेटा बांधायचा तो हे सगळं डोळ्यांसमोर ठेवून. फोटोतल्या एका क्षणासाठी बांधलेला फेटा वरात निघायच्या आधीच एका कानावर येतो.

गेली वीस वर्षं मी आमच्या आणि आजूबाजूच्या गावांत फेटे बांधतो आहे. आताशा पोरं मोबाइलवर बघून बांधतात. त्यात पहिली पाच मिनिटं तुऱ्यावर जातात: तुरा कसा उभा राहील, पंखा कसा उघडेल, पिन कुठे लावायची. डोक्याला कापड धरतं कसं, हे कोणी सांगत नाही. आणि अडचण सगळी तिथेच आहे.

कापड

सुती मलमल घ्या. नऊ मीटर लांब, मीटरभर रुंद. लहान पोरांसाठी पाच मीटर पुरे. पॉलिस्टर आणि सॅटिन चकाकतात, स्वस्तही पडतात, पण एक वेढा दुसऱ्यावर ठरत नाही आणि आत घाम जिरत नाही. आपण कापूस पिकवणाऱ्या मुलखातली माणसं. मे महिन्यात पोराच्या डोक्यावर प्लास्टिकचा धागा गुंडाळू नका. बांधणीचं किंवा लहेरियाचं कापड घेतलं असेल तर एक कोपरा ओला करून पांढऱ्या रुमालावर दाबून बघा. रंग उतरला तर आधी भिजवून, धुऊन, वाळवून घ्या. नाहीतर घाम आला की कपाळावरून लाल ओघळ थेट शेरवानीच्या गळ्यावर येतात.

खळ हलकी असावी. कडक खळ दिलेला फेटा पहिल्या तासात ऐटीत दिसतो, मग घामाने मऊ पडतो, आणि मऊ पडला की सैल होतो.

टोपीवर शिवलेले तयार फेटे मिळतात. पाहुण्यांना, सत्काराला, शिवजयंतीच्या मिरवणुकीला ते ठीक आहेत. नवरदेवाला मात्र बांधलेलाच फेटा हवा. त्याच्या डोक्याचं माप टोपीला ठाऊक नसतं.

पट्टी

दोघांनी दोन टोकं धरून कापड ताणायचं आणि रुंदीकडून चुण्या घालत चार बोटांची पट्टी करायची. एक टोक दीड हात तसंच सोडायचं, तो शेमला.

पहिला वेढा

इथे घाई करू नका.

मी शिकत होतो तेव्हा मामेभावाचं लग्न होतं. फेटा मीच बांधला. दिसायला उत्तम झाला होता, घरच्यांनी कौतुकही केलं. वरात मारुतीच्या पारापाशी थांबली, भाऊ घोड्यावरून उतरला, देवासमोर वाकला, आणि आख्खा फेटा बाशिंगासकट पुढे घरंगळून पायरीवर पडला. बाशिंगाची भेंडाची, म्हणजे पाणथळीतल्या झाडाच्या हलक्या गाभ्याची, फुलं मोडली. भाऊ काही बोलला नाही. पण मामीचा चेहरा पडला तो मला आजही दिसतो. बाशिंग पडणं हा अपशकुन समजतात, आणि तो माझ्या हातून झाला होता.

गावात एक म्हातारे होते, जन्मभर पागोटं बांधलेले. संध्याकाळी त्यांनी मला जवळ बसवलं आणि माझाच हात धरून माझ्या डोक्यामागे ठेवला. मानेवरून बोटं वर सरकवली की हाडाचा एक उंचवटा लागतो. "याच्या खालून गेला तर फेटा. याच्या वरून गेला तर टोपलं," एवढंच ते म्हणाले. तुम्हीही आत्ता हात लावून बघा. उंचवट्याच्या खाली बोट ठेवून वर ओढलं तर ते हाडाला अडतं. उंचवट्याच्या वर ठेवून ओढलं तर सरळ टाळूकडे निसटतं. कापडाचंही अगदी असंच होतं. मी पहिला वेढा दोन बोटं वर घेतला होता, कारण मागून तो तसाच छान दिसतो.

तर पहिला वेढा असा घ्या. नवरदेवाला पाठ नसलेल्या स्टुलावर बसवा आणि तुम्ही मागे उभे राहा. शेमल्याचं टोक पाठीवर सोडा, ते दुसऱ्याने धरून ठेवावं. पट्टी मागच्या उंचवट्याखाली टेकवून उजव्या कानाच्या वरून कपाळावर आणा. कपाळावर ती भुवईच्या एक बोट वर बसली पाहिजे. मग डाव्या कानावरून परत मागे, आणि शेमला या वेढ्याखाली दाबला जाईल असं घ्या. कान मोकळा राहावा. कानाचं वरचं टोक दुमडून आत गेलं तर तासाभरात ते लाल होतं आणि पोरगं सगळ्या विधीत कानच चाचपत बसतं.

आता ताण. पडणाऱ्या फेट्याची धास्ती घेऊन पुढच्या लग्नात मी उलटी चूक केली. कपाळावर हात दाबून कचकचून आवळला. त्या नवरदेवाला मंगलाष्टकांच्या आधी मळमळायला लागलं. मांडवाच्या मागे नेऊन फेटा सोडला तर कपाळावर दोरीने बांधल्यासारखा वळ उठलेला होता आणि दोन्ही कानशिलं ठणकत होती. तेव्हापासून मी एक नियम पाळतो: ताण फक्त मागे द्यायचा. पट्टी मागे आली की तिथे ओढायची. कानशिलावरून जाताना तळहाताने नुसती बसवायची, ओढायची नाही.

आणि बांधताना नवरदेवाच्या तोंडात मूठभर फुटाणे द्या. ही माझी सवय बघून लोक विचारतात, उपास सोडवता का? त्यामागे साधं कारण आहे. कानशिलावर बोटं ठेवून दात चावा, तिथला स्नायू हलतो. गप्प बसलेल्या माणसाच्या डोक्यावर फेटा बरोबर मापाचा वाटतो, पण त्याच माणसाने बोलायला, हसायला, जेवायला सुरुवात केली की तो स्नायू फुगून फुगून कापडाला भिडतो आणि डोकं धरतं. तो फुटाणे चावत असताना वेढा घेतला की ती जागा आपोआप सुटते. वेढा बसल्यावर कपाळापाशी तुमचं एक बोट आत गेलं पाहिजे. दोन गेली तर सैल, एकही जात नसेल तर सोडून पुन्हा घ्या. लाजू नका. मी आजही दहात तीनदा सोडतो.

केसांना तेल नको, जेल तर अजिबात नको. हळदीच्या आंघोळीनंतर घरच्या बायका मायेने डोक्यावर तेल थापतात. त्यांना आदल्या दिवशीच सांगून ठेवा. तेलकट केसांवर उंचवट्याखालचा वेढासुद्धा टिकत नाही. उन्हासाठी आत ओला रुमाल ठेवा असंही कोणी सुचवतं. ठेवू नका. ओलं कापड सरकतं आणि जडही होतं. कोरड्या सुती कापडाची पातळ टोपी चालेल. उन्हाचा उपाय डोक्यात नाही, पोटात करायचा: दर अर्ध्या तासाने पाणी, ताक, कैरीचं पन्हं. हे काम एका भाटव्याच्या (बहिणीच्या नवऱ्याच्या) किंवा मित्राच्या गळ्यात बांधा, कारण नवरदेव स्वतः मागत नाही.

पुढचे वेढे

दुसरा वेढा पहिल्यावर हुबेहूब चढवू नका. उजव्या कानाशी वर ठेवून कपाळावरून डावीकडे खाली उतरवा. तिसरा त्याच्या उलट, उजवीकडे खाली, डावीकडे वर. दोन्ही कपाळाच्या मधोमध एकमेकांना कापतात. ही कैची पडली की वेढे एकमेकांना धरून राहतात. हातभर कापड उरेपर्यंत असेच वेढे घ्या, प्रत्येक आधीच्यापेक्षा अर्धं बोट सरकवून. शेवटून दुसऱ्या वेढ्याच्या चुण्या उघडून टाळू झाका.

तुरा

उरलेल्या हातभर कापडाच्या बोटभर रुंदीच्या चुण्या करा, बूड घट्ट पिळून वरच्या वेढ्यात खोचा, पंखा उघडा. डावीकडे की उजवीकडे यावर जानोशावर तासभर वाद झालेले मी पाहिले आहेत. घरात पूर्वापार जिकडे असेल तिकडे ठेवा. एक सेफ्टी पिन आतल्या बाजूने लावली तरी चालेल, पण ती तुऱ्यालाच. वेढे पिनांवर टिकवायची वेळ आली असेल तर फेटा चुकला आहे, सोडा आणि पहिल्यापासून बांधा.

बाशिंग

बाशिंग फेट्यानंतरच, आधी कधीही नाही. दोऱ्या फेट्याच्या खालच्या काठाला लागून, कानांच्या वरून मागे न्या आणि त्याच उंचवट्याखाली गाठ मारा. फेट्याच्या वरून दोरी नेली की ती घसरून वर जाते आणि बाशिंग डोळ्यांवर झुकतं. दोरी बारीक असेल तर कानामागे कापसाचा बोळा ठेवा. भेंडाचं बाशिंग नाजूक असतं. बांधणाऱ्याने ते मधोमध न धरता दोन्ही कडांना धरावं. मुंडावळ्या त्यावर.

मग त्याला उभं करा आणि तीनदा वाकून नमस्कार करायला लावा, पार जमिनीपर्यंत. मान डावी-उजवी करायला सांगा. लिंबू खोचलेली कट्यार हातात देऊन बघा, कारण कट्यार धरलेला हात पोरं नकळत कपाळाकडे नेतात, फेटा सारखा करायला. त्याला बजावून ठेवा की फेट्याला हात लावायचा नाही. काही वाटलं तर मला हाक मार.

करवल्याही आता हौसेने फेटा बांधतात आणि फार शोभतो. त्यांचा अंबाडा मात्र मानेपाशी खाली घालायला लावा. वर घातला तर उंचवट्याखालची जागाच मिळत नाही.

सराव

डोकं मिळेपर्यंत स्वतःच्या गुडघ्यावर बांधत राहा. बसून पाय दुमडला की गुडघा डोक्यासारखा गोल होतो. कैची आणि तुरा तिथे जमतो. उंचवट्याचा हात मात्र खऱ्या डोक्यावरच बसतो, आणि त्यासाठी पोळ्यासारखा दिवस नाही. श्रावणी अमावास्येला तोरणाखाली बैलजोड्या उभ्या राहतात, बैलांच्या कपाळाला बाशिंग बांधलेलं असतं आणि त्यांच्यासोबत प्रत्येक घरातला एक तरी बाप्या फेटा बांधायला तयार असतो. घाई नसते आणि पोळा फुटेपर्यंत, म्हणजे बैल तोरणाखालून सुटेपर्यंत, वेळ भरपूर असतो. मी दर पोळ्याला आठ-दहा डोकी मागून घेतो आणि शिकणाऱ्या पोरांना सोबत घेतो. पहिल्या वर्षी त्यांना तुऱ्याला हात लावू देत नाही. नुसता पहिला वेढा, मग मी बोट घालून बघतो.

उतरवताना

डोक्यावरच उलगडत बसू नका. आधी बाशिंगाची गाठ सोडा, बाशिंग बाजूला ठेवा. मग दोन्ही हात फेट्याच्या खालच्या काठाला घालून मागून पुढे असा उचला. उंचवट्यावरून तो तसाच सुटतो. पालथ्या घागरीवर ठेवला तर दुसऱ्या दिवशी देवदर्शनाला जाताना तसाच घालता येतो. त्यानंतर उलगडून धुवा, खळ पूर्ण निघू द्या आणि सावलीत वाळवा. खळ राहिलेलं कापड पेटीत ठेवलं की झुरळं ते खातात, आणि पुढच्या लग्नात नेमक्या कपाळावरच्या वेढ्याला भोक निघतं.