घरच्या पत्रांवरून लघुपट करताना

घरच्या जुन्या पत्रांवरून प्रयोगशील लघुपट करायचा असेल, तर शांताल आकरमान या बेल्जियन दिग्दर्शिकेचा ‘न्यूज फ्रॉम होम’ आधी पाहावा. १९७६ मध्ये न्यूयॉर्कचे रस्ते आणि भुयारी रेल्वे चित्रित करून तिने त्यांवर ब्रसेल्सहून आलेली आईची पत्रे स्वतःच्या आवाजात, जवळजवळ सपाट सुरात वाचली आहेत. पत्रातला मजकूर पडद्यावर दाखवण्याचा मोह टाळावा. आई तब्येतीची चौकशी करत असताना समोर नुसता फलाट दिसला, तरी दुरावा पोचतो. कॅमेरा ट्रायपॉडवर ठेवून दृश्य लांबू द्यावे. वाचन वेगळे ध्वनिमुद्रित करावे आणि गाडीच्या खडखडाटात काही वाक्ये बुडाली, तर बुडू द्यावीत. पार्श्वसंगीत मात्र नकोच. ते उगाच रडू आणायला बघते. पत्रे लिहिणारी व्यक्ती हयात असल्यास तिची परवानगी चित्रीकरणापूर्वीच घ्यावी.