साउंडवाल्यानं पहिली शॉर्टफिल्म कशी करावी

चौदा वर्षं सेटवर 'साउंड रोलिंग' म्हणत काढली. दिग्दर्शन करायचंय म्हटलं की लोक विचारायचे, 'कॅमेऱ्यातलं काय कळतं तुला?' फारसं कळत नव्हतंच. पण नटाच्या छातीवर लेपल (कपड्यावर लावायचा छोटा माइक) लावून त्याचा श्वास ऐकणारे आपणच. टेक खोटा चाललाय हे मॉनिटरच्या आधी हेडफोनला कळतं. सुरुवात तिथूनच करा.

साउंड रिपोर्टात, म्हणजे प्रत्येक टेकच्या आवाजाच्या नोंदीत, आपण विमान, कपड्याची खसखस, ओव्हरलॅप असं लिहितो. शेजारी एक खासगी वही ठेवा: कुठला टेक ओके झाला आणि का. मी एनजी (नो गुड, म्हणजे बाद) लिहिलेला एक टेक दिग्दर्शकानं सरळ ठेवला. राग आला. पण एडिटवर बसून पाहिल्यावर पटलं, जीव त्याच टेकमध्ये होता. तर शूट नसेल तेव्हा एडिटरच्या मागे जाऊन बसा. कामं मात्र सोडू नका, हप्ते थांबत नाहीत.

माझी पहिली स्क्रिप्ट बारा पानांची. त्यातली चार पानं गिरणीचा पट्टा, पत्र्यावरचा पाऊस, लांबची एसटी. एडिटर मित्रानं वाचून विचारलं, 'आणि बाई काय करतेय?' तेव्हापासून आधी कुणाला कुणाकडून काय हवंय ते लिहितो. आवाज सीनला एकच, तोही पात्र तो ऐकून काही करत असेल तरच.

आपल्यातले दोघं पाहून ठेवा. 'ज्युरासिक पार्क'चे साउंड डिझायनर गॅरी रायडस्ट्रॉम यांनी २००६ मध्ये पिक्सारसाठी 'लिफ्टेड' ही शॉर्टफिल्म दिग्दर्शित केली. जेमतेम पाच मिनिटं, आणि त्यातल्या परग्रहवासीयांच्या यानात बिनालेबलाच्या बटणांच्या रांगाच रांगा; मिक्सिंग कन्सोलला पहिल्यांदा बसलेला माणूस पोट धरून हसेल. आपल्या एफटीआयआय या पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचे साउंड डिझायनर रसूल पूकुट्टी यांना ऑस्कर २००९ मध्ये मिळालं, आणि त्यांनी दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट 'ओट्टा' आला २०२३ मध्ये.

लोकेशन कानानं निवडा, पण ज्या महिन्यात शूट आहे त्याच महिन्यात. आम्ही कोल्हापूरकडे ऑगस्टमध्ये रेकी (जागेची आधी पाहणी) केली, सगळं शांत. डिसेंबरात शूटला गेलो तर ऊसाचे ट्रॅक्टर, प्रत्येकावर स्पीकर, गाणी फुल. साउंडवाल्याची रेकी! शेवटी ट्रॅक्टर सीनमध्येच घेतला. तो जाईपर्यंत बाप-लेक गप्प उभे.

डीओपीशी, म्हणजे छायालेखकाशी, लेन्सच्या आकड्यांवरून वाद घालू नका. 'हा माणूस इतक्या लांबून ऐकू यायला हवा,' असं सांगा. अंतर आपल्याला पक्कं कळतं.

रेकॉर्डिस्ट स्वतः होऊ नका, दुसरा घ्या. पहिल्या दिवशी मी सवयीनं डोळे मिटून ऐकत बसलो आणि ओके देऊन टाकलं. नट अख्खा टेक चुकीच्या बाजूला बघत होता. आता हेडफोन एकाच कानाला लावतो.

दुसऱ्या दिवशी ऊन उतरत होतं, एक शॉट बाकी. रेकॉर्डिस्ट म्हणाला, 'सर, तीस सेकंद रूम टोन?' म्हणजे सगळे गप्प असताना त्या जागेचा नुसता आवाज. मी म्हणालो, 'राहू दे रे, शूटनंतर पोस्टमध्ये बघू.' त्यानं माझ्याकडे जसं पाहिलं, तसं मी चौदा वर्षं दिग्दर्शकांकडे पाहत आलो होतो.